भूतकाळाचे विद्यापीठ : कालप्रवासकथेतील इतिहासकार

१

पदव्युत्तर वर्गात बखर वाङ्मय शिकविताना एक प्रश्न जवळजवळ दरवर्षी ऐकावयास मिळतो. 'भाऊसाहेबांच्या बखरी'तील एखादा प्रसंग, समकालीन पत्रांतून त्याला मिळणारा अथवा न मिळणारा दुजोरा, उत्तरकालीन अभ्यासकांनी त्याचे लावलेले अन्वयार्थ असा सगळा व्याप फळ्यावर मांडून झाला, की मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणते, 'पण सर, त्या दिवशी आपल्यापैकी एखादा तेथे असता, तर हा वादच उरला नसता.' वर्गात थोडे हसू पिकते आणि तास पुढे सरकतो.

हे विधान वाटते तितके बाळबोध नाही. हातच्या कांकणाला आरसा कशाला, हे आपले लौकिक शहाणपण त्याच्या पाठीशी आहे. आणि सर्व प्रमाणांत प्रत्यक्ष ज्येष्ठ मानणारी नैयायिकांची परंपराही त्याच्या पाठीशी आहे. इतिहास ही ज्ञानशाखा मात्र शब्द आणि अनुमान या दोन प्रमाणांवर उभी आहे. कागद काय सांगतो आणि त्यावरून काय निष्पन्न होते, एवढेच तिच्या हाती असते. प्रत्यक्षाचा हा अभाव इतिहासाची उणीव मानावयाची, की त्याच्या अस्तित्वाची अट मानावयाची, असा खरा प्रश्न आहे. तत्त्वज्ञांनी त्याची चर्चा केलेली आहेच. परंतु ज्या वाङ्मयप्रकाराकडे आपली समीक्षा अजूनही काहीशी अंग चोरून पाहते, त्या विज्ञानकथेनेही या प्रश्नाचा दीर्घकाळ पाठपुरावा केलेला आहे. त्यासाठी तिने एक विशेष कल्पित रचले. ते म्हणजे कालप्रवासाचे विद्यापीठ : जेथे इतिहासाचा विद्यार्थी दफ्तरखान्यात जाण्याऐवजी थेट त्या शतकात जातो, आणि परत येऊन प्रबंध लिहितो.

प्रस्तुत लेखात या कल्पित संस्थेची घडण ऐतिहासिक क्रमाने पाहावयाची आहे. मांडावयाचे प्रतिपादन थोडक्यात असे : कालयंत्र जोवर एकट्या संशोधकाच्या कार्यशाळेत होते, तोवर या कथांचा मध्यवर्ती प्रश्न काळाच्या स्वरूपाविषयीचा होता. ते संस्थेच्या आणि पुढे विद्यापीठाच्या ताब्यात आल्यावर भूतकाळाशी इतिहासकाराचे नाते कोणते, हा प्रश्न पुढे आला. आणि या प्रश्नाचे जे उत्तर या कथा पुनःपुन्हा देतात, ते मागच्या बाकावरील विद्यार्थ्याच्या अपेक्षेच्या विरुद्ध आहे. साक्षीदार होता आले तरी इतिहासकार होण्याचे काम शिल्लकच राहते, असे ते उत्तर आहे.

२

आधुनिक कालप्रवासकथेचा उगम एका महाविद्यालयाच्या आवारात झाला, ही गोष्ट सहसा नोंदली जात नाही. एच. जी. वेल्स हे १८८४ ते १८८७ या काळात लंडनमधील साऊथ केन्सिंग्टन येथील नॉर्मल स्कूल ऑफ सायन्समध्ये शिकत होते. टी. एच. हक्सली यांची व्याख्याने त्यांनी तेथेच ऐकली. तेथील विद्यार्थ्यांच्या वादविवाद मंडळात चौथ्या मितीविषयी चर्चा होत असे. 'सायन्स स्कूल्स जर्नल' हे विद्यार्थ्यांचे नियतकालिक सुरू करण्यात वेल्स यांचा पुढाकार होता, आणि १८८८ मध्ये त्याच नियतकालिकातून 'द क्रॉनिक आर्गोनॉट्स' ही त्यांची अपुरी कथा क्रमशः प्रसिद्ध झाली. 'द टाइम मशीन' (१८९५) या कादंबरीचे ते पूर्वरूप होय.

परंतु या दोन्ही संहितांत यंत्राचा कर्ता एकटाच आहे. पहिल्या कथेतील डॉ. नेबोगिप्फेल वेल्समधील एका खेड्यात एकाकी राहतो आणि बिथरलेल्या गावकऱ्यांच्या रोषाला बळी पडण्याच्या बेतात असतो. दुसरीतील कालप्रवासी रिचमंड येथील आपल्या घरी पाहुण्यांना जेवावयास बोलावतो आणि मागच्या प्रयोगशाळेतून एकटाच निघून जातो. त्याच्या प्रवासाला कोणाची अनुमती लागत नाही, कोणाला अहवाल द्यावा लागत नाही. त्याने आठ लक्ष दोन हजार सातशे एक या सालाचा भविष्यकाळ निवडावा, हेही या एकाकीपणाशी सुसंगतच आहे. इतिहासात त्याला रस नाही.

तरीही इतिहासकाराचा प्रश्न वेल्स यांनी पहिल्याच प्रकरणात दोन विनोदांच्या रूपाने पेरून ठेवला आहे. पाहुण्यांपैकी एकजण सुचवितो, की इतिहासकारांना हे यंत्र फारच सोयीचे होईल. हेस्टिंग्जच्या लढाईचा रूढ वृत्तांत जागेवर जाऊन पडताळून पाहता येईल. त्यावर दुसरा म्हणतो, की मग तेथे आपल्याकडे लोकांचे लक्ष जाणार नाही का? आपल्या पूर्वजांना कालविसंगती फारशी सहन होत नसे. पुढे एक तरुण पाहुणा खुद्द होमर आणि प्लेटो यांच्या मुखातून ग्रीक शिकण्याची कल्पना मांडतो, तेव्हा त्याला उत्तर मिळते, की तसे शिकून आलास तर केंब्रिजच्या प्राथमिक परीक्षेत नापास होशील, कारण जर्मन पंडितांनी ग्रीक भाषा बरीच सुधारली आहे.

हे विनोद सहज वाचून सोडून देण्यासारखे नाहीत. पहिल्यात प्रत्यक्ष पाहण्याच्या कृतीतील अडचण आहे : निरीक्षक अदृश्य नसतो, त्याच्या उपस्थितीने दृश्य बदलते. दुसऱ्यातील अडचण अधिक गहन आहे. विद्यापीठाने उभारलेला भूतकाळ आणि जगलेला भूतकाळ या दोन वेगळ्या वस्तू आहेत आणि विद्यापीठाच्या परीक्षेत पहिलीच वस्तू ग्राह्य धरली जाते. पुढे येणाऱ्या साऱ्या कालप्रवासी विद्यापीठांचा आराखडा या दोन विनोदांत बीजरूपाने आलेला आहे.

कादंबरीच्या मध्यावर कालप्रवाशाला हिरव्या चिनी मातीच्या फरशांनी मढविलेला एक भग्न प्रासाद आढळतो. ते एक पुराणवस्तुसंग्रहालय आहे. त्या दूरच्या काळातले साऊथ केन्सिंग्टनच जणू, असे निवेदकच सुचवितो. तेथील ग्रंथांची लक्तरे झालेली असतात. ती पाहताना त्याला आठवतात ते प्रकाशशास्त्रावरील स्वतःचे सतरा निबंध. ज्या शैक्षणिक परिसरात कालप्रवासाची कल्पना जन्मली, त्याच परिसराचे अवशेष त्या कल्पनेच्या अंती दिसावेत, यातील उपरोध वेल्स यांना खचितच अभिप्रेत असावा. ज्ञानसंस्था कालप्रवासाने समृद्ध होत नाही; येथे ती केवळ तिच्या अंताचे दर्शन घेते.

३

एकाकी संशोधकाच्या जागी संस्था यावयास साठेक वर्षे लागली. याचे कारण वाङ्मयाबाहेर शोधावे लागते. दुसऱ्या महायुद्धातील अणुबाँबच्या प्रकल्पानंतर विज्ञान हा व्यक्तीचा छंद उरला नाही. शासकीय अनुदाने, समित्या, गोपनीयतेचे नियम आणि कामाची काटेकोर विभागणी यांतून संशोधन होऊ लागले. १९५५ आणि १९५६ या लागोपाठच्या वर्षांत अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या तीन कथाकृतींत या बदलाचा ठसा स्पष्ट दिसतो.

पॉल अँडरसन यांची 'टाइम पॅट्रोल' ही कथा १९५५ मधली. तीत कालरक्षकांना शिक्षण देणारी एक प्रबोधिनी आहे. ती वसविलेली आहे मनुष्यपूर्व अशा ओलिगोसीन युगातील पश्चिम अमेरिकेत. ती पाच लक्ष वर्षे चालवावयाची आणि पुरेसे स्नातक बाहेर पडले, की तिची एकही खूण मागे राहणार नाही अशा रीतीने काळजीपूर्वक मोडून टाकावयाची, अशी योजना आहे. ज्या संस्थेचे काम इतिहास सुरक्षित राखण्याचे, तिला स्वतःला इतिहास असता कामा नये! दफ्तर मागे न ठेवणारी ही शाळा इतिहासाच्या अभ्यासकाला अस्वस्थ केल्यावाचून राहत नाही.

आयझॅक असिमॉव्ह यांच्या 'द एंड ऑफ इटर्निटी' (१९५५) या कादंबरीतील 'इटर्निटी' ही काळाच्या बाहेर उभी असलेली नोकरशाही होय. निरीक्षक, गणक, तंत्रज्ञ अशा श्रेणी तेथे आहेत, शिकाऊ उमेदवार आहेत. शतकांची पाहणी करावयाची आणि मानवजातीच्या हितासाठी वास्तवात आवश्यक तेवढा किमान फेरफार करावयाचा, हे तिचे काम. कादंबरीचा नायक हार्लन फावल्या वेळात 'आदिम' काळाचा, म्हणजे इटर्निटी स्थापन होण्यापूर्वीच्या शतकांचा, इतिहास वाचतो. तेथे त्याचे सहकारी पोहोचू शकत नाहीत. तेथील घटना बदलत नाहीत. म्हणून जुने छापील अंक जमवून तो त्या काळाचा अभ्यास करतो. जेथे जाता येते तो काळ अभ्यासविषय होऊ शकत नाही, आणि जेथे जाता येत नाही त्याचाच इतिहास लिहिता येतो, असा विलक्षण निष्कर्ष या तपशिलातून निघतो. कादंबरीच्या गुंतागुंतीच्या कथानकात तो काहीसा झाकला गेला आहे, इतकेच.

या तिघींत आपल्या विषयाच्या सर्वांत निकट असलेली कृती म्हणजे असिमॉव्ह यांचीच 'द डेड पास्ट' (१९५६) ही दीर्घकथा. तिचा नायक अर्नोल्ड पॉटर्ली हा प्राचीन इतिहासाचा प्राध्यापक आहे. कार्थेजचे लोक आपली मुले मोलॉक देवतेला अग्नीत अर्पण करीत, हा ग्रीक-रोमन शत्रूंनी पसरविलेला अपप्रचार आहे, असे त्याचे मत आहे. भूतकाळ पडद्यावर दाखविणारे एक यंत्र शासनाच्या ताब्यात आहे. ते वापरून कार्थेज पाहता आले, तर हे मत सिद्ध होईल. पण त्याचा अर्ज वर्षानुवर्षे नामंजूर होत राहतो. अखेरीस तो एका तरुण भौतिकशास्त्रज्ञाला आपल्या विषयाबाहेर संशोधन करावयास प्रवृत्त करतो, आणि अनुदानव्यवस्थेच्या त्या जगात हा गुन्हाच आहे.

पुढे जे उलगडते ते दुहेरी आहे. यंत्र शंभर-सव्वाशे वर्षांपलीकडे पाहूच शकत नाही, त्यामुळे कार्थेज कायमचेच अदृश्य राहणार. आणि भूतकाळ म्हणजे केवळ शतकांपूर्वीचा काळ नव्हे, क्षणापूर्वीचा क्षणही भूतकाळच. म्हणून हे यंत्र प्रत्येकाच्या घरात डोकावण्याचे साधन ठरते. दरम्यान वाचकाला हेही कळलेले असते, की पॉटर्ली दांपत्याची तान्ही मुलगी घराला लागलेल्या आगीत मरण पावली आहे आणि त्या आगीला आपणच तर कारण झालो नाही ना, ही शंका प्राध्यापकाला आतून पोखरते आहे. मुलांना जाळणाऱ्यांना निर्दोष ठरविण्याची त्याची शास्त्रीय तळमळ कोठून आली, हे मग निराळे सांगावे लागत नाही.

इतिहासकार भूतकाळाला जो प्रश्न विचारतो, तो त्याच्या वर्तमानातून आलेला असतो, ही गोष्ट इतिहासलेखनशास्त्रावरील ग्रंथांतून आपण वाचतो. असिमॉव्ह यांनी ती एका बापाच्या अपराधभावनेतून दाखविली. यंत्र मिळाले असते आणि कार्थेज दिसले असते, तरी पॉटर्लीला हवे असलेले उत्तर त्या पडद्यावर नव्हतेच.

४

याच सुमारास तत्त्वज्ञानाच्या क्षेत्रातही समांतर विचार चालू होता. ऑक्सफर्डचे आर. जी. कॉलिंगवूड यांचा 'द आयडिया ऑफ हिस्टरी' हा ग्रंथ त्यांच्या निधनानंतर, १९४६ मध्ये, प्रसिद्ध झाला. इतिहासाचा विषय इंद्रियांना दिसणारी घटना नसून त्या घटनेमागील विचार आहे आणि इतिहासकार तो आपल्या मनात पुन्हा घडवितो, अशी त्यांची भूमिका सर्वपरिचित आहे. हे मान्य केले तर कालयंत्राचा इतिहासकाराला होणारा उपयोग फारच मर्यादित ठरतो. यंत्र शरीर नेईल. विचाराची पुनर्घटना तेथे गेल्यावरही करावीच लागेल.

आर्थर डँटो यांनी 'ॲनॅलिटिकल फिलॉसॉफी ऑफ हिस्टरी' (१९६५) या ग्रंथात एक विचारप्रयोग मांडला. घडणारी प्रत्येक गोष्ट, घडते त्याच क्षणी, जशीच्या तशी टिपून घेणारा एक आदर्श वृत्तलेखक आहे असे समजा. त्याच्या नोंदीत काहीही सुटत नाही. तरीही तीस वर्षांचे युद्ध १६१८ मध्ये सुरू झाले, हे साधे वाक्य तो १६१८ मध्ये लिहू शकत नाही. कारण ते युद्ध तीस वर्षे चालणार आहे हे त्या वर्षी कोणालाही ठाऊक नाही. इतिहासाची वाक्ये एका घटनेचे वर्णन दुसऱ्या, नंतरच्या घटनेच्या प्रकाशात करतात. म्हणून परिपूर्ण साक्षीदारालाही जे दिसत नाही, तेच नेमके इतिहासकाराचे क्षेत्र असते.

कालप्रवासी इतिहासकार हा डँटो यांच्या वृत्तलेखकाहून एका बाबतीत वेगळा आहे, हे येथे लक्षात घ्यावयास हवे. त्याला पुढचे ठाऊक आहे. तो १६१८ मध्ये उभा राहून १६४८ जाणतो. साक्षीदाराचे डोळे आणि इतिहासकाराचे उत्तरज्ञान या दोहोंचा संयोग त्याच्या ठायी झालेला असतो. या संयोगातून ज्ञान वाढते, की माणूस फाटतो, या प्रश्नावर विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील उत्तम कालप्रवासकथा उभ्या आहेत.

स्ट्रुगात्स्की बंधूंच्या 'सोमवार शनिवारी सुरू होतो' (१९६५) या रशियन कादंबरीचा उल्लेख येथे ओझरता का होईना करावयास हवा. जादूविद्येवर संशोधन करणाऱ्या एका शासकीय संस्थेत तीत एक कालयंत्र तयार होते. पण ते 'वर्णित' काळात नेते, म्हणजे पुस्तकांतून लिहिल्या गेलेल्या भविष्यकाळात. तेथे भेटणाऱ्या माणसांच्या अंगावर लेखकाने वर्णिले तेवढेच कपडे असतात. सोव्हिएत भविष्यकथांचे हे विडंबन आहेच. पण साहित्याच्या अभ्यासकाला त्यात अधिक काही दिसेल : आपण ज्या काळात 'जातो', तो प्रत्येक काळ कोणीतरी वर्णिलेलाच असतो.

५

कॉनी विलिस या अमेरिकन लेखिकेने आपले कालप्रवासी विद्यापीठ ऑक्सफर्ड येथे वसविले. 'फायर वॉच' (१९८२) या कथेपासून 'डूम्सडे बुक' (१९९२), 'टू से नथिंग ऑफ द डॉग' (१९९८) आणि 'ब्लॅकआउट' व 'ऑल क्लिअर' (दोन्ही २०१०) अशी ही मालिका आहे. एकविसाव्या शतकाच्या मध्यावरील या ऑक्सफर्डमध्ये कालप्रवास हा इतिहास विभागाच्या अभ्यासक्रमाचा भाग आहे. विद्यार्थी पोशाख शिवून घेतात, लसी टोचून घेतात, भाषा शिकतात आणि प्रात्यक्षिकासाठी भूतकाळात जातात. हे तंत्र विद्यापीठाच्या वाट्याला कसे आले, याचे लेखिकेने दिलेले कारण मार्मिक आहे. भूतकाळातून काही लुटून आणता येत नाही, हे कळताच मोठ्या कंपन्यांनी त्यातून अंग काढून घेतले. जे निरुपयोगी ठरले ते इतिहासकारांकडे आले! मायकेल क्रायटन यांच्या 'टाइमलाइन' (१९९९) या कादंबरीत इतिहासाचे अभ्यासक खाजगी कंपनीच्या यंत्रातून चौदाव्या शतकात जातात. त्या पार्श्वभूमीवर विलिस यांच्या या निवडीचे महत्त्व अधिकच जाणवते.

'फायर वॉच'मधील विद्यार्थ्याला १९४० च्या लंडनमध्ये, बाँबवर्षावाच्या दिवसांत, सेंट पॉल कॅथीड्रल वाचविणाऱ्या स्वयंसेवकांच्या पथकात पाठविले जाते. पथक ऐतिहासिक आहे. रात्रीमागून रात्री छपरावर उभे राहून आगी विझविणारे लोक खरोखरीच होते. विद्यार्थ्याची पूर्वतयारी मात्र चार वर्षे वेगळीच झालेली असते : त्याला संत पॉल यांच्यासमवेत प्रवास करावयाचा होता. परत आल्यावर त्याची परीक्षा होते. प्रश्न असतात ते आकड्यांचे : किती बाँब पडले, किती जखमी झाले. तो संतापतो. ज्यांच्याबरोबर त्याने रात्री काढल्या, ती माणसे या प्रश्नपत्रिकेत कोठेच नाहीत. वेल्स यांच्या दुसऱ्या विनोदाचे हे गंभीर रूप होय. जगलेला भूतकाळ घेऊन आलेला विद्यार्थी आणि परीक्षेचा भूतकाळ यांची गाठ येथेही पडत नाही.

'डूम्सडे बुक'मध्ये हा विचार पूर्णत्वास गेला आहे. किवरिन ही विद्यार्थिनी १३२० सालच्या ऑक्सफर्डशायरमध्ये जावयास निघते. मध्ययुग धोकादायक म्हणून तेथे आजवर कोणास पाठविलेले नसते. पण विभागप्रमुखाच्या गैरहजेरीत कार्यभार सांभाळणारा प्राध्यापक श्रेयाच्या हव्यासापोटी धोक्याची श्रेणीच बदलून घेतो. विद्यापीठीय राजकारण ज्यांनी जवळून पाहिले आहे, त्यांना ही प्रकरणे वाचताना कालयंत्राची आठवण राहत नाही! किवरिन पोहोचते ती १३४८ मध्ये. त्याच वर्षी प्लेगची साथ इंग्लंडमध्ये उतरली, हा इतिहास आहे. इकडे तिला पाठविणारे ऑक्सफर्डही एका साथीने ग्रासले जाते, त्यामुळे तिची चूक कोणाच्या लक्षात येत नाही.

पहिला धक्का भाषेचा बसतो. विद्यापीठात घोटून घेतलेले मध्ययुगीन इंग्रजी तेथे कोणाला कळत नाही आणि तिलाही त्यांचे बोलणे कळत नाही. भाषाशास्त्रज्ञांनी अनुमानाने सिद्ध केलेले उच्चार आणि एका खेड्यातील माणसांच्या तोंडची बोली यांत अंतर पडते. होमरला ग्रीकमध्ये नापास करणाऱ्या परीक्षकांचा येथे सूड उगवला गेला, असे म्हणता येईल.

दुसरा धक्का उत्तरज्ञानाचा. किवरिनला पुढचे ठाऊक आहे. या साथीत किती टक्के लोक दगावले याविषयीच्या इतिहासकारांच्या मतभेदांसह ठाऊक आहे. ज्या घरात तिला आश्रय मिळाला, तेथील लहान मुलींसमोर ही टक्केवारी घेऊन तिला बसावे लागते. सुरुवातीला ती टक्केवारीचा आधार घेते. निम्मे मरणार म्हणजे निम्मे वाचणार. गावात कोणीही वाचत नाही. सरासरी ही इतिहासकाराला दूरून दिसणारी वस्तू आहे. गावाला ती दिसत नाही.

तिच्या मनगटात अस्थीवरील वाढीसारखे दिसणारे ध्वनिमुद्रक बसविलेले आहे, हेतू हा, की ती तेथेच मरण पावली तरी पुढील उत्खननात कालविसंगत वस्तू सापडू नये. दोन्ही तळवे जुळवून, प्रार्थनेच्या मुद्रेत, ती त्यात नोंदी करते. आरंभी या नोंदी विद्यार्थिनीच्या टिपणांसारख्या आहेत : घरांची रचना, पोशाख, अन्न. हळूहळू त्यांचे रूप पालटते आणि शेवटी त्या मृतांच्या नावांची यादी होतात. चौदाव्या शतकातील आयर्लंडमधील जॉन क्लिन या मठवासी वृत्तलेखकाने साथीचे वर्णन लिहून झाल्यावर, कोणी माणूस मागे उरलाच तर त्याने हे काम पुढे चालवावे, म्हणून कोरी चर्मपत्रे सोडली होती. किवरिनच्या नोंदींमागे क्लिनचे हे उदाहरण उभे आहे. संशोधनाचे साधन म्हणून सुरू झालेली नोंद श्राद्धकर्माच्या पातळीवर जाते, आणि तळवे जुळविण्याची जी युक्ती यंत्र लपविण्यासाठी होती, ती अखेरीस खरीच प्रार्थना ठरते.

येथे प्रत्यक्ष प्रमाणाने काय दिले? प्लेगविषयीचे नवे ज्ञान फारसे दिले नाही. जे दिले त्याला ऋण हा शब्द अधिक योग्य वाटतो. इतिहासकार ज्यांच्याविषयी लिहितो, त्यांचे त्याच्यावर काही देणे लागते, याची जाणीव. हे देणे दफ्तरखान्यात बसणाऱ्यावरही असतेच; तेथे ते विसरणे सोपे जाते, एवढाच फरक.

मालिकेतील पुढील कृतींत विनोद आणि साहस यांना अधिक वाव आहे. जोडी टेलर यांनी २०१३ पासून लिहिलेल्या सेंट मेरीज या इतिहास संशोधन संस्थेच्या कादंबऱ्या तर बव्हंशी धमालीच्याच आहेत. तेथील इतिहासकारांना मात्र 'कालप्रवास' हा शब्द मुळीच खपत नाही. ऐतिहासिक घटनांचा समकालीन अवस्थेत अभ्यास, असे ते आपल्या कामाचे वर्णन करतात. विद्यापीठीय परिभाषेची ही थट्टा आपल्याला नवखी नाही.

६

मराठीत असे विद्यापीठ कोणी उभारले नाही. पण त्याचा एक प्राध्यापक आपल्याकडे आहे. जयंत नारळीकर (१९३८-२०२५) यांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेतील गंगाधरपंत हे इतिहासाचे प्राध्यापक. पानिपतावर निकाल उलटा लागला असता तर, हा विचार मनात घोळत असताना त्यांना अपघात होतो आणि ते अशा जगात जाऊन पडतात, जेथे विश्वासरावांना गोळी लागलीच नाही आणि मराठे जिंकले. कथेचे वैज्ञानिक स्पष्टीकरण पुंजभौतिकीच्या आधारे शेवटी दिले जाते. इंग्रजी रूपात ही कथा अकरावीच्या पाठ्यपुस्तकातूनही अनेकांना परिचित आहे.

तिच्यातील एका तपशिलाकडे मात्र लक्ष गेलेले दिसत नाही. त्या परक्या मुंबईत आपण कोठे आलो आहोत, हे शोधण्यासाठी गंगाधरपंत काय करतात? ते टाऊन हॉलमधील ग्रंथालयात जातात. आपलेच इतिहासग्रंथ मागवून घेतात, पहिल्या खंडांत काही वेगळे आढळत नाही, आणि शेवटच्या खंडात उलटे वाचत जाऊन दोन जगांचे मार्ग ज्या क्षणी फुटले, तो क्षण नेमका गाठतात. दुसऱ्या विश्वात प्रत्यक्ष पोहोचलेला इतिहासकारही संदर्भग्रंथ काढून बसतो. त्याला जे कळते ते रस्त्यावर उभे राहून कळत नाही, वाचून कळते. परतताना त्यांच्याजवळ उरतो तो एक फाटका कागद, आणि तोही बखरीचा.

बखरच का? वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. तो १७५० ते १७६१ या काळातील पत्रांचा, म्हणजे पानिपतापर्यंतच्या काळाचा आहे. त्याच्या प्रस्तावनेत बखरींतील चुका आणि कालविपर्यास त्यांनी अस्सल पत्रांच्या कसोटीवर दाखवून दिले. १९१० मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या भारत इतिहास संशोधक मंडळामागेही अस्सल साधनांविषयीची हीच निष्ठा होती. नारळीकरांच्या कथेत शास्त्रज्ञाला पटणारा पुरावा ठरतो तो नेमका त्या संशयित वाङ्मयप्रकाराचा कागद. बखरीत गोळी लागली की कानाला चाटून गेली, एवढ्या एका वाक्याच्या पाठभेदावर दोन जगांतील फरक टांगलेला आहे. इतिहास येथे पाठचिकित्सेच्या रूपाने अवतरतो. लेखक खगोलशास्त्रज्ञ असूनही, किंवा कदाचित म्हणूनच, पुराव्याविषयीची ही मराठी संशोधकांची सावधानता त्यांच्या कथेत इतकी स्वाभाविकपणे आली असावी.

आता मागच्या बाकावरील विद्यार्थ्याकडे परत येता येईल. त्या दिवशी, १४ जानेवारी १७६१ रोजी, तेथे कोणी असता तर, असे त्याचे म्हणणे होते. तेथे एकजण होता. काशीराज पंडित हा शुजाउद्दौल्याच्या चाकरीत होता, त्याने युद्ध जवळून पाहिले, वाटाघाटींशी त्याचा संबंध आला, आणि सुमारे वीस वर्षांनी त्याने आपला वृत्तांत फारसीत लिहिला. हा प्रत्यक्षदर्शी साक्षीदार उपलब्ध असूनही वाद संपला नाही. तो कोणत्या छावणीत होता, त्याला काय दिसू शकत होते, वीस वर्षांत स्मृतीचे काय झाले, तो कोणासाठी लिहीत होता, हे प्रश्न त्याच्या वृत्तांतालाही विचारावे लागले. उद्या आपण यंत्रात बसून गेलो, तरी आपणही कोणत्या तरी एका छावणीतच उतरणार आणि परतून जे लिहू त्याला हेच प्रश्न विचारले जातील.

७

कल्पित विद्यापीठाचा हा इतिहास पाहिल्यावर आपल्या समीक्षेतील एका सवयीविषयी थोडे बोलणे अप्रस्तुत ठरू नये. ऐतिहासिक कादंबरीची वाखाणणी करताना ती वाचकाला त्या काळात नेऊन सोडते, असे आपण सर्रास म्हणतो. या प्रशंसेत कालयंत्राचेच रूपक दडलेले आहे, आणि त्याबरोबर एक ज्ञानशास्त्रीय दावाही : नेऊन सोडले की कळते. वेल्स यांच्या विनोदांपासून किवरिनच्या यादीपर्यंत आणि गंगाधरपंतांच्या फाटक्या कागदापर्यंत आपण जे पाहिले, ते या दाव्याला साथ देत नाही. नेऊन सोडलेल्या माणसाला भाषा कळत नाही, सरासरीचा आधार तुटतो, पुढचे ठाऊक असण्याचे ओझे वाहावे लागते, आणि अखेरीस त्याला पुन्हा वाचावयासच बसावे लागते. ज्या कादंबरीत यातील एकही अडचण वाचकाला जाणवत नाही, तिने त्याला वर्णित काळातच फिरवून आणले आहे, असे समजावयास हरकत नाही. मराठी ऐतिहासिक कादंबरीकडे या कसोटीवर पाहण्याचे काम अद्याप व्हावयाचे आहे.

वर्गातील त्या प्रश्नाला मी अलीकडे उत्तर देत नाही. मोडी पत्राची एक छायाप्रत समोर ठेवतो आणि पहिली ओळ लावून दाखवावयास सांगतो. ओळ लागावयास बहुधा पूर्ण तास जातो. पत्र लिहिणारा कोण, कोठून लिहितो, त्याला काय हवे आहे आणि तो काय लपवितो, अशी चर्चा तासाच्या शेवटी आपोआप सुरू झालेली असते. ती पुढच्या तासाला चालू ठेवावी लागते.